चौथ्या गाण्यातली उडी

परवा सुनेच्या मोबाईलवर ते गाणं लागलं आणि हे जेवता जेवता ताटावरून उठले. हात धुवायला चाललोय असं दाखवलं, पण ताटात भात अर्धा होता. सून म्हणाली, "बाबांना जुनी गानी आवडत नायत वाटतं." मी म्हटलं, "आवडतात गं. लय आवडतात." एवढंच बोलले आणि ताट उचललं. बाकीचं इथे लिहिते. बोलणं मला कधी जमलं नाही. लिहायला निदान समोर कोणी नसतं.

माझी शाळा चौथीपर्यंत. माहेर खालापूरच्या बाजूला. पाचवीची शाळा लांब होती आणि त्याच वर्षी घरात पाळणा हलला, मग मीच पाळण्याजवळ राहिले. वाचायचं मात्र सोडलं नाही. किराण्याच्या पुडीचा कागदसुद्धा मी सरळ करून वाचायची. घरात गाणी पुष्कळ होती. वडील विहारात पेटी वाजवायचे, जयंतीच्या मिरवणुकीत सगळ्यांच्या पुढे गायचे. पण ती सगळी समाजाची गाणी, मान ताठ करून म्हणायची. रेडिओवर प्रेमाचं गाणं लागलं की आई उठून आवाज बारीक करायची. बंद करायची नाही, बारीक करायची. ते मला अजून आठवतं.

लग्न होऊन पोशीरच्या अलीकडच्या ह्या गावात आले. ह्यांचा टेंपो. नेरळला तेव्हा नव्या इमारतींची कामं जोरात होती, विटा, वाळू, सिमेंट, जे मिळेल ते भाडं हे मारायचे. कर्जत, चौक, खोपोली, कुठेही. स्वभाव वाईट नव्हता. हात कधी उगारला नाही. पण माझ्याशी बोलणं म्हणजे पाणी दे, वाढ, बादली आण. मी आधीच तोंड मिटलेली, त्यात सासूबाईंसमोर तर घशातून आवाजच निघायचा नाही. आम्ही दोघं एका घरात दोन भाडेकरू असावेत तसे राहत होतो. मुलगा झाला तरी तसेच.

मग टीव्हीवर ती गाण्यांची स्पर्धा सुरू झाली. आठवड्यातून दोनदा असायची. हे भिंतीला टेकून बसायचे, सासूबाई कॉटवर, आणि मी चुलीच्या खोलीच्या दारात, अर्धी आत अर्धी बाहेर. एकदा हे मागे न बघताच म्हणाले, "कोन जिंकंल गं?"

मला वाटलं सासूबाईंना विचारतायत. त्यांनीच मला हटकलं. "अगं तुला इचारतोय तो. मुकी हायस का?"

मी म्हटलं, "ती. मान तिरकी करून गाते ती."

लग्नाला तेव्हा पाच-सहा वर्षं होऊन गेली असतील. माझं मत असं ह्यांनी पहिल्यांदा विचारलं. त्यांनी मोबाईल काढला आणि त्या मुलीला मत पाठवलं. पुढे दर वेळी ते मागे न बघता विचारायचे, "तिलाच ना?" आणि मी दारातून "हां" म्हणायची. शेवटच्या पाचात ती पोचली. जिंकली नाही, तिसरी आली. त्या दिवशी हे टीव्हीवर चिडले आणि मला आतून बरं वाटलं. माझ्या बाजूने कोणी चिडलंय असं वाटलं.

काही महिन्यांनी त्या पाच जणांच्या गाण्यांची सीडी निघाली. सगळी प्रेमगीतं. वरच्या कागदावर एक मोठा लाल बदाम आणि त्यात पाच जणांचे फोटो, लग्नाच्या अल्बमात चिकटवतात तसे. ह्यांनी ती आणली आणि माझ्यापुढे धरून म्हणाले, "ही घे तुझी तिरकी मान."

मी कागद हातात घेतला. तुझी म्हणाले, हे मी दिवसभर मनात घोळवत होते.

घरात सीडी लावायचं यंत्र नव्हतं, ते टेंपोत होतं. म्हणून सीडी टेंपोतच राहायची. रविवारी हे अंगणात टेंपो धुवायचे, दार उघडं टाकायचे आणि गाणी मोठ्याने लावायचे. सासूबाई म्हणायच्या, "काय रं ही रडगानी!" पण आवाज बारीक करायला त्या उठायच्या नाहीत. मी कपडे वाळत घालताना ऐकायची. चौथं गाणं त्या मुलीचं होतं.

एका रविवारी ह्यांनी सीडी माझ्या हातात दिली. "जरा पुसून दे, धूळ बसलीय." मी भांडी घासायला बसले होते. समोर राख, नारळाची शेंडी, सगळं तयार. सीडी उलटी केली तर काय ती चकाकी! घरातल्या कुठल्या स्टीलच्या ताटाला तशी चकाकी नव्हती. मला वाटलं, आणखी लख्ख करून द्यावी. राखेत शेंडी बुडवली आणि एक घासणी दिली. एकच. हे तिकडून ओरडले, "अगं ए! ती काय ताटली हाय का?"

सासूबाई पोट धरून हसल्या. शेजारीण कुंपणावरून वाकून विचारायला लागली की काय झालं, तर त्यांनी तिला हातवारे करून सगळं सांगितलं. मी तिथेच बसून राहिले. मेले असते तर बरं, असं वाटलं. ह्यांनी सीडी पाण्याने धुतली, बनियनला पुसली, टेंपोत लावली. तीन गाणी नीट वाजली. चौथ्या गाण्यात आवाज अडखळला, खर्र झालं आणि गाणं उडी मारून पुढे गेलं.

ते गाणं असं ऐकू यायचं:

ढग उतरले डोंगरमाथी
वाट भिजूनी… उभी कधीची मी या दारी

मधलं गेलं. सीडी नवीन असताना मी ते गाणं एकदोनदाच ऐकलं होतं, तेही लांबून. मधे काय होतं ते मला सांगता आलं नसतं.

मी वाट बघत होते की हे सीडी फेकतील, बोलतील. हे हसले. सासूबाईंना, शेजारणीला ऐकू जाईल असं म्हणाले, "असू दे. आता आपली सीडी कुनी चोरली तर लगेच वळखू येईल."

ह्या एका वाक्यावर मी पुढची दीडदोन वर्षं काढली. खोटं लिहीत नाही. दुसऱ्या बाईला दागिना मिळतो, मला हे वाक्य मिळालं होतं.

त्यानंतर आमच्यात एक खूण तयार झाली. संध्याकाळी टेंपो पोशीरच्या रस्त्यावरून गावाकडे वळला की गाणी ऐकू यायची. शेतं मोकळी, आवाज लांबून यायचा. हे वळणावर आले की चौथं गाणंच लावायचे. मुद्दाम लावायचे का, विचारलं नाही कधी, पण रोज तेच कसं असेल? ती उडी ऐकू आली की मी भाकरी तव्यावर टाकायची. टेंपो अंगणात उभा राहून, हातपाय धुऊन हे पाटावर बसेपर्यंत भाकरी फुगलेली असायची. तांदळाची भाकरी गरमच खावी लागते, गार झाली की चामडं. एकदा पहिला घास घेऊन हे सासूबाईंना म्हणाले, "हिला कसं कळतं गं आय, मी आलो ते?"

सासूबाई म्हणाल्या, "कळंल नाय तर काय! सगळ्या गावाला बोंबलत येतोस."

एकदा मुलाला ताप होता तेव्हा नेरळला डॉक्टरकडे मला टेंपोतून नेलं. येताना मूल मांडीवर झोपलं होतं. चौथं गाणं लागलं. उडीची जागा आली आणि त्यांनी माझ्याकडे बघून हॉर्न वाजवला. पों. मी पदर तोंडाला लावला. समोर माथेरानचा डोंगर होता, त्यावर खरोखरच ढग उतरले होते. मी मनात म्हटलं, हे असंच असतं वाटतं, ज्याची गाणी करतात ते.

मग एके दिवशी टेंपो मुकाच आला. भाकरी टाकायची राहून गेली. सासूबाई म्हणाल्या, "आज हिचं घड्याळ बंद पडलं." मी घाईने पीठ थापलं. ह्यांना वाढताना विचारलं, "गानी नाय लावली?"

"सीडी हरवली. चौकच्या रस्त्याला खड्डे किती, पडली आसंल दारातनं."

दुसऱ्या दिवशी हे आंघोळीला गेले तेव्हा मी टेंपोत चढून सीटखाली हात घातला. रिकामी बाटली, पाना, सुतळी. सीडी नाही. वरचा लाल बदामाचा कागद मात्र पुढच्या खणात होता, म्हणून मला खरंच वाटलं की नुसती सीडी पडली. मी तो कागद काढून घेतला आणि माझ्या पेटीत साड्यांखाली ठेवला. पुढे ह्यांनी टेंपोत पेनड्राइव्ह लावला. त्यात हजार गाणी होती, कुठलंही कधीही लागायचं. त्यावर भाकरी टाकता येत नव्हती.

सीडी हरवली त्याच वर्षीच्या पावसाळ्याची गोष्ट. भातलावणीला गावात बाया मिळेनात. आधी आम्ही एकमेकींच्या शेतात जायचो, आज तुझं उद्या माझं. पण अर्ध्या बाया नेरळला इमारतींच्या कामावर लागल्या, काही माथेरानला हॉटेलात. चिखलात वाकायला कोण येतंय? रोपं वाढून पिवळी पडायला लागली. सासूबाईंचा जीव वरखाली. तेव्हा मीच सुचवलं. "माझ्या माहेराकडं बाया मिळतील. खालापूरच्या बाजूला अजून जातात लावणीला."

हे लगेच म्हणाले, "बघतो. माझ्या वळखीच्या हायत." मला काही वाटलं नाही. उलट आनंद झाला. माझ्या बाजूच्या बाया माझ्या घरी येणार, भाकरी खाणार.

सकाळी टेंपोभर बाया उतरल्या. त्यातली एक पुढे ह्यांच्या शेजारी बसून आली होती. माझ्याच वयाची असेल. अंगाने भरलेली, तोंडाने खुली. उतरताच ह्यांना म्हणाली, "डायवर, कंबर मोडलीस रं आमची! परत जाताना गादी टाक." सगळ्या हसल्या. मला बघून म्हणाली, "तुमी वैनी ना? लय गरीब दिसता."

लावणीत माणसाचं तोंड दिसत नाही. सगळ्या ओळीने वाकलेल्या, डोक्यावर प्लास्टिकचा कागद, नजर चिखलात, आणि एकेक पाऊल मागे मागे. शेजारणीचे हात दिसतात आणि आवाज येतो, बस. म्हणून तिथे माझ्यासारखीलाही जरा गाता येतं. कोणी बघत नाही. माझ्या एका बाजूला गावातली एक मुलगी होती, कर्जतला कॉलेजात जाणारी, सुट्टीची म्हणून आलेली. तिच्या पलीकडे ती बाई. हे बांधावर उभे राहून रोपांच्या मुठी फेकत होते.

जुनी गाणी झाली. मग त्या मुलीने मोबाईलमधलं काहीतरी सुरू केलं. मग ती बाई म्हणाली, "थांब, मी एक म्हनते," आणि तिने चौथं गाणं धरलं.

आवाज चांगला होता तिचा. जाडसर, न लाजणारा. मुलीला गाणं माहीत होतं, तीही गायला लागली. आणि मी पण. आधी ओठातल्या ओठात, मग थोडं मोठ्याने, माझं गाणं होतं म्हणून. ढग उतरले डोंगरमाथी. वाट भिजूनी…

आणि आम्ही दोघींनी उडी मारली. ती बाई आणि मी. एकाच जागी, एकाच दमात. "उभी कधीची मी या दारी."

मुलगी एकटीच मधलं म्हणत राहिली आणि मग हसत सुटली. "अगो बया! काकी, तुमी दोघींनी मधलं खाल्लंत की! येकाच जाग्यावर!"

"काय खाल्लं?" ती बाई म्हणाली. "असंच हाय ते."

"असं कुठं हाय? 'वाट भिजूनी गेली सारी, तू येशील रे, तू येशील म्हणुनी, उभी कधीची मी या दारी.' असं हाय. मोबाईलवर ऐकवू?"

"आमच्या सीडीत तर असंच वाजतं," ती बाई म्हणाली. "तिथं जरा खरचटलीय ती. मला दिली तवाच तशी हुती."

मग मुलीने माझ्याकडे मान वळवली. "आनि काकी तुमी? तुमचीबी खरचटली का काय?"

ओळीतल्या सगळ्या हसल्या. मी हातातली रोपं चिखलात रोवली. पुन्हा दुसरी घेतली, रोवली. माझ्या हातांना आपोआप जमत होतं ते. ती बाई सरळ उभी राहिली. मी मान वर केली नाही, तरी मला कळलं की ती माझ्याकडे बघतेय. तिचं हसणं थांबलं होतं. मग ती बांधाकडे बघायला लागली. तेव्हा मी पण बघितलं.

ह्यांच्या हातात मूठ होती, फेकायला उचललेली. ती त्यांनी फेकली, पण नीट फेकली गेली नाही, माझ्यापुढेच पडली आणि चिखलाचं पाणी माझ्या तोंडावर उडालं. "सांभाळून वो दादा!" मुलगी ओरडली. हे दुसरी मूठ घ्यायला वाकले. तोंड पुसायचं निमित्त झालं, ते बरं झालं मला.

कुणी चोरली तर लगेच ओळखू येईल. ओळखू आली. पण चोरली नव्हती कोणी. दिली होती. कागद माझ्यासाठी मागे ठेवून, बदामाच्या आतली वस्तू तिला नेऊन दिली होती. त्या दिवशी त्याहीपेक्षा मला काय लागलं ते लिहिते. तिलाही ते उडीसकटच पाठ होतं. म्हणजे तिनेही ते पुष्कळदा ऐकलं होतं, आवडीने ऐकलं होतं. माझी घासणी तिच्या घरात वाजत होती. कदाचित त्या जागेवर हे तिच्याकडे बघूनही तोंडाने पों करत असतील.

आणि मधले शब्द. दीडदोन वर्षं मला वाटायचं, तिथे काहीतरी फार सुंदर असणार, माझ्या हातून गेलं. तर एवढंच होतं, तू येशील म्हणून. माझ्या गाण्यातली बाई नुसतीच दारात उभी होती. कशासाठी, ते मी स्वतःच घासून टाकलं होतं.

दुपारी सगळ्या जेवायला घरी आल्या. मी वाढलं. तिलाही वाढलं, सगळ्यांसारखंच, भाकरी, सुकटीची चटणी, कांदा. ती खाली बघून जेवत होती. सकाळची ती बडबड कुठे गेली होती कोण जाणे. एकदाच म्हणाली, "वैनी, भाकरी लय चांगली हाय." मी आणखी एक वाढली. जेवून झाल्यावर ती ताट घेऊन मोरीकडे गेली आणि राखेचं डबडं ओढलं. मी तिच्या हातातून ताट घेतलं.

"ऱ्हाऊ दे," मी म्हटलं. "मी घासते."

ती जवळच उभी राहिली. हळू म्हणाली, "मला म्हायती नव्हतं वो. इकत घेतली म्हनला."

मी ताट घासत राहिले. सीडीबद्दल तिला माहीत नसेल. माझ्याबद्दल तर माहीत होतं ना? मी ह्या घरात आहे, हे तर माहीत होतं. पण हे सगळं मला दुसऱ्या दिवशी सुचलं. सुचतं मला, वेळेवर सुचत नाही.

संध्याकाळी बायांना सोडून हे परत आले. पेनड्राइव्हसुद्धा लावला नव्हता. अंगणात उगाच टायर बघत राहिले. मग आत येऊन सासूबाईंना ऐकवल्यासारखं म्हणाले, "उद्या दुसरीकडनं बाया आनतो. ह्या बायांना लांब पडतं."

सासूबाई म्हणाल्या, "लांब पडू दे, काम चांगलं करतात."

ह्यांनी माझ्याकडे बघितलं. खरंच बघितलं, मान वळवून. मी म्हटलं, "ह्याच आना. सगळ्याच आना. त्या पुढं बसलेल्या बाईचा हात चांगला चालतो."

आयुष्यात ह्यांना उलट बोललेलं माझं तेवढं एकच वाक्य. ह्यांचं तोंड उतरलं. दुसऱ्या दिवशी बाया आल्या, पण ती नव्हती. ती परत कधीच आली नाही. ह्यांचं तिकडे जाणं थांबलं की नाही ते मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही. पुढे कितीतरी वर्षं तिच्या गावाकडचं, चौकच्या बाजूचं भाडं असलं की हे मला न विचारता सांगायचे, "आज तिकडं जायचंय, सिमेंट हाय." मी "बरं" म्हणायची. सिमेंट खरंच असेल. मी टेंपोत चढून बघितलं नाही. सीटखाली हात घालायचे दिवस गेले होते.

तो लाल बदामाचा कागद अजून पेटीत आहे. फेकावा असं खूपदा वाटलं. मग वाटलं, का फेकू? माझ्या वाट्याचं तेवढंच आहे. ती तिरक्या मानेची मुलगी आता कुठे असते माहीत नाही. टीव्हीवर नंतर दिसली नाही. तिलाही तिसरंच ठेवलं होतं.

परवा सुनेने गाणं बंद केल्यावर बऱ्याच वेळाने हे आत आले. पाटावर बसले. भात टाकून उठले होते, भूक लागली असणार. चूल विझत आली होती. तवा गार होता.

"भाकरी हाय का गं?" त्यांनी विचारलं.

"बसा. टाकते."

त्या लावणीपासून हे पाटावर बसल्याशिवाय मी भाकरी तव्यावर टाकत नाही. आधी हे येतात, बसतात, मग मी पीठ मळायला घेते. घरात गॅस आला, सून आली, तरी ह्यांची भाकरी चुलीवर आणि मीच करते. ती हसते, म्हणते, "आधीच करून ठेवा ना आई, बाबांना ताटकळत बसावं लागतं."

मी पाणी गरम करायला ठेवलं. पीठ काढलं. काटवटीत सावकाश मळायला लागले. हे रिकाम्या ताटापुढे बसून होते.